फिलीचे उतरणे : बिघाड ठाऊक असताना दिलेला होकार

११ नोव्हेंबर २०१४ च्या रात्री जर्मनीतल्या कोलोन शहरात, धूमकेतूवर उतरायला निघालेल्या फिली या लँडरच्या, म्हणजे उतरयानाच्या, नियंत्रण कक्षात, एक आकडा वाढायला हवा होता. तो वाढेना. फिलीच्या माथ्यावर थंड वायूचा एक छोटा थ्रस्टर बसवलेला होता. धूमकेतूला पाय टेकताक्षणी त्याने लँडरला वरून खाली रेटायचे, म्हणजे तो उसळणार नाही, अशी योजना होती. त्यासाठी आदल्या रात्री नायट्रोजनच्या टाकीचे सील फोडून वायू नळ्यांमध्ये यायला हवा होता. आज्ञा गेली, पण दाबमापकावर काहीच हलले नाही.

यान तेव्हा पृथ्वीपासून सुमारे ५१ कोटी किलोमीटरवर होते. तिथवर संदेश पोचायला २८ मिनिटे लागत. सकाळी फिली रोझेटा या मातृयानापासून सुटायचे होते, आणि एकदा सुटले की परत बोलावण्याची सोय नव्हती. सोडायचे की थांबायचे, एवढाच प्रश्न उरला होता. उत्तर आले, सोडायचे.

या निर्णयाची गोष्ट बहुतेक वेळा धाडस आणि नशीब या दोन शब्दांत आटोपली जाते. मला ते पटत नाही. नशिबाचा वाटा होता आणि तो कुठे होता हे नेमके दाखवता येते. पण मोहीम तरली ती वीसेक वर्षे आधी कागदावर घेतलेल्या एका साध्या, काहीशा निराशावादी निर्णयामुळे. तो निर्णय बॅटरीचा होता. तिथे पोचायला मात्र थोडे मागून यावे लागेल.

न पाहिलेल्या जागेसाठी बांधलेले यान

युरोपीय अंतराळ संस्थेने, म्हणजे ईएसएने, रोझेटा मोहीम १९९३ मध्ये मंजूर केली. त्याआधी नासाच्या साथीने धूमकेतूचा नमुना पृथ्वीवर आणण्याचा बेत होता. तो बारगळला, तेव्हा युरोपने स्वतःच्या बळावर झेपेल असा आराखडा केला : नमुना आणायचा नाही, प्रयोगशाळाच तिकडे न्यायची. धूमकेतूच्या शेजारी महिनोन् महिने राहायचे आणि त्याच्यावर एक लँडर उतरवायचा. तोवर असे कुणी केले नव्हते. १९८६ मध्ये ईएसएच्याच जिओत्तो यानाने हॅलेच्या धूमकेतूचे केंद्रक जवळून पाहिले होते, तेही ५९६ किलोमीटरवरून, सेकंदाला ६८ किलोमीटर वेगाने जाता जाता. लँडर बांधणाऱ्यांच्या हाती धूमकेतूच्या पृष्ठभागाची म्हणून जी काही माहिती होती, ती साधारण एवढीच. जमीन बर्फासारखी कठीण निघेल की पाय रुतेल इतकी भुसभुशीत, याचा कुणाला पत्ता नव्हता. दोन्ही शक्यता धरून यंत्र बांधायचे होते.

ठरलेला धूमकेतू होता ४६पी/विर्टानेन. रोझेटा जानेवारी २००३ मध्ये फ्रेंच गयानातील कुरू येथून एरियान-५ रॉकेटवर निघायचे होते. पण ११ डिसेंबर २००२ ला एरियान-५ च्या नव्या, जास्त ताकदीच्या आवृत्तीचे पहिलेच उड्डाण फसले आणि दोन उपग्रह समुद्रात गेले. रोझेटाचे रॉकेट त्या आवृत्तीचे नव्हते. तरीही चौकशी पुरी होईपर्यंत कोण धोका पत्करणार? उड्डाण पुढे ढकलले गेले. विर्टानेनला गाठण्याची संधी काही आठवड्यांचीच होती, ती हुकली.

मग पर्यायांची मांडणी सुरू झाली. विर्टानेनकडेच वर्षभराने जायचे तर अधिक ताकदीचे रॉकेट हवे. दुसरा पर्याय होता ६७पी/चुर्युमोव्ह-गेरासिमेंको. क्लिम चुर्युमोव्ह आणि स्वेतलाना गेरासिमेंको यांनी १९६९ मध्ये शोधलेला, साडेसहा वर्षांत सूर्याला एक फेरी घालणारा हा धूमकेतू. मे २००३ मध्ये तोच निवडला गेला. त्याआधी मार्चमध्ये हबल दुर्बिणीतून त्याचा अंदाज घेतला होता : लांबी पाचेक किलोमीटर, रुंदी तीन, आकार एकसंध आणि लांबट. विर्टानेनचा व्यास जेमतेम सव्वा किलोमीटर. म्हणजे नव्या लक्ष्याचे वस्तुमान कित्येक पट, ओढ जास्त आणि उतरण्याचा वेगही जास्त. फिलीचे पाय लहान धूमकेतूच्या हिशेबाने घडवलेले होते. लँडर तयार होऊन बसलेला, त्यामुळे फार बदल शक्य नव्हते. पायांच्या वरच्या सांध्यात, टेकताना शरीर प्रमाणाबाहेर कलू नये म्हणून, एक छोटा अडसर बसवला गेला. बाकी यंत्र होते तसेच नव्या जगाकडे निघाले.

२ मार्च २००४ ला उड्डाण झाले. इतक्या लांब थेट फेकण्याएवढी ताकद कुठल्याच रॉकेटात नसल्याने रोझेटाने पृथ्वीच्या गुरुत्वाकर्षणाचा तीनदा आणि मंगळाच्या एकदा आधार घेतला. नोव्हेंबर २००७ मध्ये ते दुसऱ्यांदा पृथ्वीजवळून जाताना काही निरीक्षकांनी त्याला नवा लघुग्रह समजून ‘२००७ व्हीएन८४’ असे नावही देऊन टाकले होते! वाटेत श्टाइन्स आणि ल्युटेशिया हे दोन लघुग्रह पाहून झाले. रोझेटावर अणुऊर्जेचा स्रोत नव्हता. १४-१४ मीटर लांबीचे दोन सौरपंख हाच काय तो आधार. गुरूच्या कक्षेच्या आसपास सूर्यप्रकाश इतका क्षीण होतो की जून २०११ ते जानेवारी २०१४ अशी ३१ महिने यानाची जवळपास सगळी यंत्रणा बंद ठेवावी लागली. २० जानेवारी २०१४ ला ते ठरल्याप्रमाणे जागे झाले आणि ६ ऑगस्टला धूमकेतूपासून १०० किलोमीटरवर पोचले.

जागेची निवड

जुलैमधल्या छायाचित्रांनीच हबलवरून बांधलेला आकार मोडीत काढला होता. समोर होती दोन गोळे एका अरुंद मानेने जोडल्यासारखी वस्तू, साधारण बदकासारखी. मोठा गोळा चार किलोमीटरहून थोडा लांब, धाकटा अडीचच्या आसपास. मानेजवळ उभे कडे, ठिकठिकाणी घरांएवढे दगड, मधेच धुळीची सपाटी आणि खोल खड्डे. सपाट, प्रशस्त, उजेडाची जागा म्हणून बोट ठेवावे असे काही नव्हते.

फिलीला स्वतःहून वळता येत नव्हते, हा इथला कळीचा मुद्दा. रोझेटाने त्याला ठरलेल्या बिंदूवरून, ठरलेल्या वेगाने ढकलून द्यायचे. पुढचे सात तास ते धूमकेतूच्या क्षीण ओढीने खाली येत राहणार. त्यामुळे लक्ष्य एखादा बिंदू नव्हते, सुमारे किलोमीटरभर रुंदीचा एक पट्टा होता, आणि त्या पट्ट्यात कुठेही पडले तरी चालले पाहिजे. उतार ३० अंशांपेक्षा कमी हवा, मोठे दगड कमी हवेत, आणि धूमकेतूच्या १२.४ तासांच्या दिवसात बॅटरी भरण्यापुरते ऊन हवे. दहा जागांमधून पाच उरल्या, पाचातून सप्टेंबरमध्ये ‘जे’ निवडली गेली. धाकट्या गोळ्यावरच्या या जागेला पुढे अगिल्किया हे नाव मिळाले.

ढकलण्याच्या वेगाचा तपशील मला या सगळ्या आखणीतला सर्वांत शहाणपणाचा वाटतो. सुटका करणारी मोटर तो वेग कमी-जास्त करू शकत होती. ती चाललीच नाही तर एक स्प्रिंग फिलीला ढकलणार होती, पण स्प्रिंगचा वेग ठरलेला, सेकंदाला १९ सेंटिमीटरच्या आसपास. आखणी करणाऱ्यांनी मोटरचाही वेग तोच निवडला. म्हणजे मोटर चालो वा न चालो, मार्ग एकच. बिघाड झाला तरी उतरण्याच्या जागेत फरक पडणार नव्हता.

तीन आधार

धूमकेतूवर फिलीचे वजन किती होते हे लक्षात घेतल्याशिवाय पुढचे कळत नाही. पृथ्वीवर १०० किलो वस्तुमानाचे हे यंत्र तिथे एक-दोन ग्रॅमच्या वजनाइतकेच दाबून बसणार होते. तिथे खाली येणे ही अडचण नव्हतीच, अडचण होती टिकून राहण्याची. सेकंदाला अर्ध्या मीटरच्या आसपास वेगाने उसळले तरी ते कायमचे अवकाशात निघून जाणार.

म्हणून तीन आधार ठेवले होते. पोटाखाली दोन हार्पून : टेकताक्षणी दारूच्या स्फोटाने ते जमिनीत घुसणार आणि मग दोरी आवळून लँडरला घट्ट धरणार. तीनही पायांत बर्फात घुसणारे स्क्रू. आणि माथ्यावरचा थ्रस्टर. शिवाय पायांच्या मधोमध आघात शोषणारी यंत्रणा होती, पण ती पकडून ठेवण्यासाठी नव्हती, धक्का कमी करण्यासाठी होती.

कागदावर तीन आधार दिसतात, एक गेला तर दोन उरतात. प्रत्यक्षात ते इतके स्वतंत्र नव्हते. हार्पून खाली सुटला की त्याचा उलटा धक्का लँडरला वर फेकणार, तो धक्का मारून टाकायलाच मुख्यतः थ्रस्टर होता. स्क्रू घुसायचे तर लँडर जमिनीवर दाबून धरलेला हवा. म्हणजे थ्रस्टर गेला की हार्पून सुटला तरी धोका, न सुटला तरी धोका. ११ नोव्हेंबरच्या रात्री टाकीचा दाब वाढला नाही याचा खरा अर्थ हा होता. ‘तीनपैकी एक निकामी’ ही त्याची फार सौम्य नोंद झाली.

थांबून काय मिळाले असते?

मग होकार कसा दिला? थांबण्याच्या बाजूने काय होते ते पाहू. थ्रस्टर दुरुस्त करता येणार नव्हता. तो दहा वर्षे अवकाशात होता, आणखी दहा दिवसांनी सील आपोआप फुटेल असे मानायला काही आधार नव्हता. दुसऱ्या दिवशी जमीन बदलणार नव्हती. बदलणार होता तो धूमकेतू, आणि तोही वाईटाच्या दिशेने. नोव्हेंबर २०१४ मध्ये तो सूर्यापासून सुमारे ४५ कोटी किलोमीटरवर होता आणि दर आठवड्याला जवळ येत होता. ऑगस्ट २०१५ मध्ये तो १८.६ कोटींवर येणार होता. जसजसा तापेल तसतसे वायूचे झोत आणि धूळ वाढणार, रोझेटाला जवळ राहणे अवघड होणार आणि फिलीचा मार्गही त्या झोतांनी बिघडणार. उतरण्याची तारीख नोव्हेंबर ठेवली होती ती याच कात्रीतून : याआधी पृष्ठभागाचा नकाशा तयार नसता, यानंतर धूमकेतू शांत नसता.

थोडक्यात, थांबण्याची किंमत ठरलेली होती आणि फायदा शून्य होता. अशा वेळी ‘नाही’ म्हणणे सावध दिसते, पण ते सावध नसते. फिली प्रकल्पाचे प्रमुख स्टेफान उलामेक आणि त्यांचे सहकारी यांनी लँडरच्या बाजूने होकार दिला. डार्मश्टाटच्या ईएसए केंद्रातून रोझेटा सांभाळणाऱ्यांनीही आपापल्या टप्प्यांवर होकार दिले, आणि १२ नोव्हेंबरला जागतिक वेळेनुसार सकाळी ८ वाजून ३५ मिनिटांनी, धूमकेतूच्या मध्यापासून साडेबावीस किलोमीटरवर, फिली सुटले.

इथे एक शंका रास्त आहे. थ्रस्टर गेला हे कळल्यावर हार्पून सोडण्याची आज्ञा बदलायला नको होती का? उलटा धक्का बसणार हे माहीत होते. पण हार्पून जमिनीत रुतला तर दोरीच लँडरला धरून ठेवणार होती, आणि न सोडता तर स्क्रूंशिवाय काहीच नव्हते. दोन वाईटांतले कमी वाईट निवडले गेले. माझ्या मते तेही बरोबर होते, जरी पुढे त्याची परीक्षा झालीच नाही.

दोन तासांची उसळी

जागतिक वेळेनुसार दुपारी ३:३४ ला फिलीने धूमकेतूला स्पर्श केला. ठरवलेल्या मध्यबिंदूपासून जेमतेम शंभर-सव्वाशे मीटरवर. सात तास दिशाहीन पडणाऱ्या वस्तूचा हा नेम थक्क करणारा आहे, पण त्या दिवशी त्याचे कौतुक करायला कुणाला सवड नव्हती. स्पर्शाचा संदेश ४:०३ ला पृथ्वीवर पोचला, टाळ्या झाल्या, मिठ्या झाल्या. आणि मग आकडे जुळेनात.

हार्पूनच्या दोऱ्या आवळल्याची पुष्टी मिळेना. रेडिओ संदेशाची ताकद वर-खाली होत होती. सौरपट्ट्यांतून येणारी वीज एका लयीत वाढत-घटत होती, जणू लँडर गोल फिरतोय. तो फिरतच होता. खाली येताना तोल राहावा म्हणून फिलीच्या पोटात एक गतिचक्र फिरत ठेवले होते. स्पर्शाची खूण मिळताच ते आपोआप बंद झाले, आणि थांबत चाललेल्या चक्राची फिरकी लँडरच्या शरीरात आली. जमिनीला धरलेला लँडर ती पचवून गेला असता. हा तर हवेतच होता, अर्थात हवा नसलेल्या जागी.

हार्पून सुटलेच नव्हते. स्क्रूंनी काही पकडले नव्हते. टेकताना वेग होता सेकंदाला एक मीटर. पायांमधल्या शोषकाची नळी सुमारे ४ सेंटिमीटर आत गेली, खालच्या भुसभुशीत थरानेही काही ऊर्जा खाल्ली, आणि लँडर सेकंदाला ३८ सेंटिमीटर वेगाने परत वर निघाला. सुटून जाण्याच्या वेगाच्या तो धोकादायक इतका जवळ होता. नशीब म्हणायचे तर ते इथे, काही सेंटिमीटरच्या फरकात. पण त्यातही शोषकाचा हात होता, आणि २००३ मध्ये मोठ्या धूमकेतूची चिंता करणाऱ्यांनी त्याच भागावर डोके खाजवले होते.

त्यानंतरचा प्रवास शोधून काढला तो मॅग्नेटोमीटरने. या उपकरणाचे काम धूमकेतूला स्वतःचे चुंबकत्व आहे का ते पाहणे. ते एका दांड्याच्या टोकाला बसवलेले असल्याने लँडर फिरला की त्याची नोंद लयीत वर-खाली व्हायची. त्या लाटा मोजून कळले की पहिल्या उसळीनंतर फिली सुमारे १३ सेकंदांत एक गिरकी घेत होते. मग ४:२० ला लय एकदम बदलली, गिरकी २४ सेकंदांची झाली : एका मोठ्या खळग्याच्या काठाला पाय घासला होता. ५:२५ ला पुन्हा जमीन लागली, थोडी धडपड झाली, आणि ५:३२ च्या सुमारास सगळे शांत. पहिल्या स्पर्शापासून दोन तास आणि साधारण एक किलोमीटर. (आणि धूमकेतूला चुंबकत्व नाही, हेही त्याच उसळीने सिद्ध झाले. एकाच जागी बसून घेतलेल्या नोंदीपेक्षा चार ठिकाणच्या नोंदी अधिक खात्रीच्या.)

त्या संध्याकाळी पत्रकारांसमोर उलामेक म्हणाले की आज आपण बहुधा एकदा नव्हे, दोनदा उतरलो आहोत. विनोद म्हणून केलेले विधान प्रत्यक्षात कमीच भरले.

सत्तावन्न तास

दुसऱ्या दिवशी पहिली छायाचित्रे आली. एका बाजूला अगदी जवळ खडकासारखी भिंत, एक पाय अधांतरी, बहुतेक सगळीकडे सावली. अबायडॉस असे नाव मिळालेल्या या कपारीत १२.४ तासांच्या दिवसात ऊन जेमतेम दीड तास. अगिल्कियात ते सहा-सात तास मिळणार होते. एवढ्या उन्हात पुन्हा भरता येणारी बॅटरी भरणे अशक्य.

आता त्या जुन्या निर्णयाकडे येऊ. फिलीवर दोन बॅटऱ्या होत्या. एक सौरपट्ट्यांवर भरणारी, महिनोन् महिने काम चालावे म्हणून. दुसरी एकदाच वापरायची, पृथ्वीवरून भरून नेलेली, साधारण अडीच दिवस पुरेल इतकी. आखणी अशी होती की दहाही उपकरणांचा पहिला फेरा या दुसऱ्या बॅटरीवरच पुरा करायचा. ऊन मिळेल हे गृहीतच धरायचे नाही. लँडर उलटा पडला, खड्ड्यात पडला, धुळीने पट्ट्या झाकल्या, काहीही झाले तरी पहिले अडीच दिवस आपले. पुढचे मिळाले तर मिळाले. ही बॅटरी चांगलीच जड होती. १०० किलोच्या यंत्रात, जिथे प्रत्येक उपकरणवाला ग्रॅम-ग्रॅमसाठी भांडत असतो, तिथे एकदाच वापरायच्या वस्तूला एवढी जागा देणे सोपे नसते. प्रकाशावर विश्वास ठेवून ते वजन वाचवता आले असते. तसे केले असते तर १२ नोव्हेंबरच्या रात्रीच फिलीची कथा संपली असती.

तास मोजून काम सुरू झाले. क्रम मात्र बदलावा लागला. ज्या उपकरणांना हलायचे नव्हते, ती आधी : कॅमेरे, वायू हुंगणारी यंत्रे, धूमकेतूच्या आरपार रेडिओ लहरी पाठवणारे कॉन्सर्ट. ज्यांच्या हालचालीने न बांधलेला लँडर उचलला जाऊ शकतो, ती शेवटी. हार्पून पुन्हा सोडून पाहण्याची कल्पनाही निघाली आणि मागे घेतली गेली, कारण थ्रस्टरशिवाय तो धक्का लँडरला पुन्हा उडवणार. १४ तारखेला, गमावण्यासारखे फारसे उरले नाही तेव्हा, हातोडा आणि ड्रिल यांची पाळी आली. तापमान मोजायचा दांडा ठोकणारा हातोडा ताकद वाढवत गेला, तरी काही केल्या आत शिरेना. धुळीच्या पातळ थराखाली जमीन कठीण होती. ड्रिल पूर्ण लांबीने खाली गेले आणि परत आले, पण तपासणीच्या भट्टीत नमुना पोचला नाही. लँडर तिरपा बसला होता, त्याखाली बहुधा पोकळी असावी.

उसळीने नुकसान केले तसे एक काम फुकटात करून दिले. पहिल्या स्पर्शाच्या वेळी उडालेली धूळ कोसॅक या उपकरणाच्या खालच्या नळ्यांत शिरली होती. स्पर्शानंतर २५ मिनिटांनी, लँडर अधांतरी असतानाच, ठरल्या वेळी उपकरणाने हुंगले आणि त्यात १६ सेंद्रिय संयुगे मिळाली. त्यातली चार, मिथाइल आयसोसायनेट आणि अ‍ॅसिटोनसकट, धूमकेतूवर तोवर कधीच आढळली नव्हती. ड्रिलने जे देता आले नाही ते काही अंशी अपघाताने दिले.

बॅटरी उतरत आली तसा शेवटचा प्रयत्न झाला : शरीर ४ सेंटिमीटर वर उचलून ३५ अंशांत फिरवले, म्हणजे मोठी सौरपट्टी मिळेल तेवढ्या उन्हाकडे यावी. १५ नोव्हेंबरला मध्यरात्रीनंतर ३६ मिनिटांनी संपर्क तुटला. टेकल्यापासून सुमारे ५७ तास. पहिल्या फेऱ्यातले ऐंशी टक्के काम तोवर पृथ्वीवर पोचले होते.

उशिरा आलेले निकाल

त्या शेवटच्या गिरकीचा उपयोग सात महिन्यांनी झाला. धूमकेतू सूर्याजवळ आल्यावर १३ जून २०१५ ला फिलीकडून ८५ सेकंदांचा संदेश आला. साठवलेल्या नोंदींवरून ते त्याआधीच जागे झाले होते असे दिसले. पण आता अडचण रोझेटाची होती. मार्चच्या अखेरीस धूमकेतूच्या १४ किलोमीटरवरून जाताना धुळीचे कण त्याच्या ताराशोधक कॅमेऱ्यांना ताऱ्यांसारखे दिसले, दिशा चुकली आणि यान आपोआप सुरक्षित अवस्थेत गेले. तेव्हापासून ते लांब राहत होते, आणि फिलीचा क्षीण आवाज इतक्या लांबून तुटक ऐकू येई. ९ जुलैनंतर तोही आला नाही. मातृयान धोक्यात घालून लँडरच्या जवळ न जाण्याचा निर्णय मला निर्विवाद वाटतो. धूमकेतूच्या पाण्यातील जड हायड्रोजनचे प्रमाण पृथ्वीवरील समुद्राच्या तिप्पट आहे, त्याच्या वायूत ऑक्सिजनचे रेणू आहेत, ग्लायसीन हे अमिनो आम्ल आणि फॉस्फरस आहे, हे सगळे रोझेटानेच सांगितले.

फिली प्रत्यक्ष दिसले ते २ सप्टेंबर २०१६ ला, २.७ किलोमीटरवरून घेतलेल्या छायाचित्रात. कपारीत कलंडलेले, दोन पाय स्पष्ट. कॉन्सर्टच्या रेडिओ लहरींनी जी अरुंद पट्टी दाखवली होती, त्याच पट्टीत. ३० सप्टेंबरला रोझेटालाही धूमकेतूवर उतरवून मोहीम संपवण्यात आली.

दुसऱ्यांदा जिथे जमीन लागली ती जागा सापडायला मात्र २०२० उजाडले. पुन्हा मॅग्नेटोमीटरच्याच नोंदी कामी आल्या : दांडा बर्फावर आपटला त्या क्षणाची खूण त्यांत होती. अबायडॉसपासून फक्त ३० मीटरवर, दोन दगडांच्या फटीत, फिलीने जवळपास दोन मिनिटे धडपड केली होती आणि सुमारे २५ सेंटिमीटर खोल ठसा उमटवून आतला शुभ्र बर्फ उघडा पाडला होता. त्या बर्फमिश्रित धुळीची ताकद निघाली १२ पास्कलपेक्षाही (पास्कल हे दाबाचे एकक) कमी, म्हणजे जवळजवळ काहीच नाही. तिथून ३० मीटरवर हातोड्याला दाद न देणारी जमीन काही मेगापास्कलची (एक मेगापास्कल म्हणजे दहा लाख पास्कल). लाखो पटींचा फरक. हार्पून सुटले असते तर ते यातल्या कुठल्या जमिनीला लागले असते यावर सगळे ठरले असते, आणि दोन्हींसाठी चालेल असा हार्पून बनवणे शक्य नाही. पकडून ठेवणाऱ्या यंत्रणेला जमीन माहीत असावी लागते. धक्का शोषणारी यंत्रणा आणि भरून नेलेली बॅटरी यांना ती माहीत नसली तरी चालते. फिलीच्या आखणीतले जे भाग कामी आले ते सगळे दुसऱ्या प्रकारचे होते.

ईएसएची पुढची धूमकेतू मोहीम, कॉमेट इंटरसेप्टर, २०२२ मध्ये मंजूर झाली असून २०२९ च्या सुमारास तिचे उड्डाण नियोजित आहे. तिला लक्ष्यच ठरवून दिलेले नाही. पृथ्वीपासून १५ लाख किलोमीटरवर थांबायचे आणि सूर्याकडे प्रथमच येणारा योग्य धूमकेतू सापडला की त्याच्या वाटेत जायचे. मुख्य यानाबरोबर दोन छोटी याने असतील, त्यातले एक जपानचे. तिन्ही धूमकेतूजवळून भरधाव निघून जातील, त्यामुळे उतरण्याचा प्रश्नच येत नाही. अनोळखी जमिनीचा पेच तिथे पूर्णपणे टाळला आहे, आणि त्याची किंमत म्हणून जवळून पाहायला मिळणार आहेत फक्त काही तास.